रणजीचा 'साम्राज्य-नकाशा': पुणे कुणाचं?

अमेरिकेतल्या कॉलेज फुटबॉलचे चाहते दरवर्षी एक नकाशा करतात. हंगामाच्या सुरुवातीला प्रत्येक काउंटी (म्हणजे तिथला जिल्हा) सर्वांत जवळच्या संघाला द्यायची, आणि मग जो हरेल त्याची सगळी जमीन जिंकणाऱ्याच्या नावावर. हाच खेळ मी रणजी करंडकाच्या २०२४-२५ हंगामावर करतोय. संघ ३८, पण रेल्वे आणि सेनादलाला स्वतःची भूमी नाही. ते भूमिहीनच सुरू होतात, जिंकून मिळवावी लागते.

महाराष्ट्राच्या ३६ जिल्ह्यांत तीन संघ. विदर्भाचे ११ सरळ आहेत. मुंबईला मी मुंबई शहर, उपनगर, ठाणे आणि पालघर दिले, उरलेले २१ महाराष्ट्राला. पहिला आठवडा इथेच गेला, कारण उतरवून घेतलेल्या सीमांच्या फाइलमध्ये पालघरच नव्हता! फाइल २०१४ च्या आधीची निघाली. ठाणे डहाणूपर्यंत एकसंध दिसत होतं आणि मी दोन संध्याकाळ स्वतःचीच यादी तपासत बसलो. पालघरची हद्द शेवटी क्यूजीआयएस या नकाशांच्या सॉफ्टवेअरमध्ये तालुक्यांवरून हाताने पाडली.

दुसरी चूक जास्त शिकवून गेली. पहिल्या फेरीत बडोद्याने घरच्या मैदानावर मुंबईला ८४ धावांनी हरवलं, म्हणजे मुंबईचे चारही जिल्हे बडोद्याचे. दुसऱ्या फेरीत मुंबईतल्या बीकेसी मैदानावर मुंबईने महाराष्ट्रावर ९ गडी राखून विजय मिळवला (आयुष म्हात्रेच्या १७६ धावांचा सामना). नकाशा काढला तर मुंबईच्या रंगात पुन्हा मुंबईही दिसायला लागली. तक्त्यात 'मूळ संघ' आणि 'सध्याचा मालक' हे दोन्ही मी एकाच रकान्यात कोंबले होते. रकाने वेगळे केले आणि खरं चित्र समोर आलं: मुंबईच्या ताब्यात पुणे, नाशिक, कोल्हापूर, रत्नागिरी, पण दादर-शिवाजी पार्क बडोद्याकडे. ज्या मैदानांवर ही मुलं घडली तीच त्यांची नाहीत. त्या रात्री बराच वेळ नुसता बघत बसलो होतो.

जानेवारीतल्या सहाव्या फेरीने तर सगळं उलटंपालटं केलं. बीकेसीत जम्मू-काश्मीरने मुंबईला ५ गड्यांनी हरवलं. रोहित, यशस्वी, श्रेयस सगळे संघात होते आणि शार्दूलने दुसऱ्या डावात ११९ केल्या, तरी. त्यामुळे पुण्यासकट २१ जिल्हे काश्मीरच्या हिरव्यात. त्याच फेरीत नाशिकला महाराष्ट्राने बडोद्याचा ४३९ धावांनी फडशा पाडला आणि बडोद्याच्या हातातली मुंबई महाराष्ट्राला मिळाली. सामना नाशिकचा, जिंकली मुंबई, आणि खुद्द नाशिक गेलं श्रीनगरकडे.

पुढे सगळ्या गटांचं रंगकाम बाकी आहे, पण धीर निघाला नाही म्हणून एकट्या पुण्याचा धागा शेवटपर्यंत ओढला. जम्मू-काश्मीरने शेवटच्या साखळी सामन्यात बडोद्यालाही हरवलं, त्यामुळे उपांत्यपूर्व फेरीपर्यंत पुणे त्यांचंच. आता नियमाचा प्रश्न आला. साखळीत सामना अनिर्णित राहिला तर मी जमीन हलवत नाही, पहिल्या डावाची आघाडी असली तरी. बाद फेरीत मात्र आघाडीवरच संघ पुढे जातो, तेव्हा तिथे जमीनही आघाडीबरोबर जायला हवी. आणि केरळ-जम्मू-काश्मीर सामना झाला कुठे, तर पुण्यातच. जम्मू-काश्मीर २८०. केरळ ९ बाद २००, मग सलमान निझार आणि बासिल थम्पीने अखेरच्या गड्यासाठी ८१ जोडल्या. २८१. एका धावेवर पुण्याचा मालक बदलला, तेही पुण्याच्याच खेळपट्टीवर. अहमदाबादला केरळने गुजरातवर २ धावांची आघाडी घेऊन पुणे टिकवलं, आणि नागपूरजवळच्या जामठ्याच्या अंतिम सामन्यात विदर्भाने ३७९ विरुद्ध ३४२ अशी ३७ ची आघाडी घेतली.

म्हणजे पुणे शेवटी नागपूरचं.

या आठवड्यात केरळ आणि विदर्भाचे रंग बदलायचे आहेत. दोन्ही पिवळ्याच्या इतके जवळ आहेत की छापल्यावर अंतिम सामन्याची सीमाच दिसत नाही. विदर्भाला संत्र्याचा रंग देऊन बघतो. 'अनिर्णित' सामन्यांबाबत तुमचा नियम वेगळा असेल तर जरूर सांगा. तक्ता तयार आहे, एक रकाना बदलला की अख्खा हंगाम पुन्हा रंगतो.