मागल्या साली

कितवा दिवस, असं भावानं फोनवर विचारलं आणि मला सांगता येईना. 21 जूनला आळंदीहून निघालो एवढं पक्कं. पुण्यातले मुक्काम, दिवे घाट, सासवड, जेजुरीचा भंडारा, नीरेचं स्नान, लिंबाचं रिंगण, सगळं झालेलं. पण एकात एक मिसळून गेलेलं. पहाटे तीनला उठायचं, टँकरखाली गर्दीत दोन तांबे अंगावर घ्यायचे, ओली साडी खांद्यावरच वाळवत चालायचं. वार बुडाला, तारीख बुडाली.

2022 ची ही वारी. दिंडी आईची, टाळही तिचेच. ती 2021 च्या एप्रिलमध्ये गेली. त्याआधीच्या आषाढीला पादुका एसटीनं पंढरीला निघाल्या, तेव्हा गाडी टीव्हीवर दिसेपर्यंत ती हात जोडून उभी होती. बस म्हटलं तरी बसली नाही.

बरड सोडून धर्मपुरीच्या पुढे आलो आणि पायानं दावा साधला. उजव्या टाचेला रुपयाएवढा फोड, डाव्या चवड्याला दोन. डांबर इतकं तापलेलं की उभं राहावं तर भाजतं आणि टेकवावं तर जीव जातो. मागून ट्रकचे हॉर्न. पुढे दोन मुलं उलटी चालत मोबाईलवर आमचं चित्रण करत होती. त्यांच्यामुळे ओळ सारखी थांबायची. शेजारची बाई तिसऱ्यांदा सांगत होती की बूट घालायला हवे होते. मला त्या दुपारी कुणाचं तोंड बघवत नव्हतं. अभंगसुद्धा नकोसा झाला होता. खोटं का लिहू?

रस्त्याकडेच्या एका लिंबाखाली मी बसकण मारली. तिथे आधीच एक म्हातारी पाय पसरून भाकरी खात होती. परभणीकडची असावी. माझ्याकडे बघितलं, उरलेली चतकोर फडक्यात बांधली आणि म्हणाली, "पाय दाव, माय."

मी नको नको म्हणेपर्यंत टाच तिच्या मांडीवर होती. सत्तरीच्या बाईच्या मांडीवर माझा धुळीचा पाय! कमरेच्या पिशवीतून तिनं काळ्या दोऱ्याचं रीळ काढलं. त्यात सुई खोचलेली. दोरा ओवून सुई फोडाच्या एका कडेनं घातली, दुसऱ्या कडेनं काढली, दोरा आतच ठेवून दोन्ही टोकं बोटभर राखून तोडली. पाणी दोऱ्यावरून थेंब थेंब उतरायला लागलं. दुखलं नाही. "दोरा काढू नगं. कातडं सोलू नगं. वाखरीपतुर आपसूक पडंल."

मग तिची नजर टाळांवर गेली. आईनं दोरीत एक निळा मणी ओवला होता. म्हातारीनं तो चिमटीत धरला. "हे तर साताऱ्याच्या बाईचं. तू लेक व्हय तिची? माय कुठंय? मागं राहिली का?"

माझ्या तोंडून शब्द फुटेना. ती आपली बोलतच होती. "मागल्या साली माझ्याच पालात झोपायची. ही सुई तिचीच. माळशिरसला घेतली, द्यायची राहिली."

मागल्या साली म्हणजे 2019. मधली दोन वर्षं वारी चाललीच नाही, म्हणून ती म्हातारीच्या हिशेबात आलीच नाहीत. तिच्या लेखी आई कालच्या मुक्कामावरून उठून तोंड धुवायला गेलेली.

मी सांगितलं. तिनं विचारलं, "कवा?" मी म्हटलं, "झालं सव्वा वर्ष." ती काही बोलली नाही. माझा पाय तसाच धरून बसली, आणि मग डाव्या चवड्याचे फोड ओवायला घेतले. सुई माझ्यापुढे केली तेव्हा मी म्हणाले, "राहू दे आजी, पुढल्या साली घेईन." "बरं," म्हणून तिनं ती रिळात खोचली.

त्या रात्री नातेपुत्याच्या तळावर झोप आली नाही. आई ककुद्मी राजाची गोष्ट सांगायची. मुलीला, रेवतीला, कोणता वर द्यावा हे विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तिथे गंधर्वांचं गाणं चाललेलं, म्हणून क्षणभर थांबतो. गाणं संपतं तेव्हा ब्रह्मदेव हसून सांगतात की खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. तू मनात धरलेले राजे, त्यांचे मुलगे, नातवंडं, कुणाचं गोत्रसुद्धा आता ऐकू येत नाही. रेवती पुढे बलरामाला दिली, हे सगळ्यांना ठाऊक. लहानपणी मी विचारायचे, मग तिच्या मैत्रिणींचं काय झालं? आई म्हणायची, वाट बघितली असेल बिचाऱ्यांनी. मला तेव्हा वाट बघणाऱ्यांचंच वाईट वाटायचं. तळावर पडल्या पडल्या पहिल्यांदा रेवती दिसली. नुकतं एक गाणं ऐकून आलेली, आणि सगळ्यांना विचारत सुटलेली की माझ्या कुठं आहेत?

सकाळी पुन्हा चिडचिड. चहा संपलेला, सतरंजी कुणीतरी नेलेली.

सदाशिवनगरचं रिंगण गर्दीत नीट दिसलंच नाही. वेळापूरचा धावा जमेल तसा लंगडत केला. टप्पा नावाच्या ठिकाणी मात्र बंधुभेट अगदी जवळून मिळाली. माउली आणि सोपानकाका, दोन्ही पालख्या समोरासमोर आल्या, मानाच्या नारळांची देवाणघेवाण झाली. दोघांच्या समाधीला सातशे वर्षं होऊन गेली, आणि माझ्या पुढचा गडी हमसून हमसून रडत होता, भाऊ भेटले म्हणून. मीही रडले. म्हातारीला गर्दीत शोधलं, दिसली नाही.

टाचेचा दोरा वाखरीच्या तळावर पडला. दहा जुलैला कळस बघितला.

परतीची एसटी माळशिरस-फलटणवरूनच होती. नातेपुतं गेलं तशी मी खिडकीशी सरकले, तो लिंब दिसेल म्हणून. कंडक्टर सुट्ट्या पैशांसाठी उभा राहिला, मी पाकिटात बघितलं, मान वर केली तर बरड मागं पडलं होतं.