दारावरची चार आडनावं

आइसलँडच्या राजधानीत, रेक्याविकला, या घरात राहायला आलो त्या दिवशी शेजारच्या दारावरची पाटी वाचून मी नवऱ्याला म्हटलं, "इथे चार जण मिळून भाड्याने राहताहेत वाटतं." माणसं चार आणि आडनावंही चार: आर्नासन, ऐनार्सदोत्तिर, योन्सन, योन्सदोत्तिर. आठवडाभराने कळलं की ते साधं चौकोनी कुटुंब आहे. आई, बाबा, मुलगा, मुलगी.

आइसलँडमध्ये बहुतेकांना आडनावच नसतं. शेवटी लावतात ते वडिलांचं नाव, क्वचित आईचं. शेजारच्या योनचा मुलगा योन्सन, मुलगी योन्सदोत्तिर, आणि योनचे वडील आर्नी म्हणून तो स्वतः आर्नासन. 1925 च्या कायद्याने नवीन आडनाव घ्यायला बंदी आली. ज्यांच्याकडे आधीपासून होतं त्यांचं तेवढं पुढे चालत राहिलं. आपण मधे लावतो ते इथले लोक शेवटी लावतात, एवढाच काय तो फरक, असं मी पहिले काही महिने फोनवर सगळ्यांना सांगत होते.

आडनाव नाही म्हटल्यावर माणसाची ओळख पहिल्या नावाने. टेलिफोन डिरेक्टरीसुद्धा पहिल्या नावाच्या क्रमाने असायची. एकाच नावाची ढिगाने माणसं, म्हणून पुढे व्यवसाय छापलेला. शिक्षक, डॉक्टर, पंतप्रधान, सगळ्यांना नावानेच हाक. विग्दिस फिन्बोगादोत्तिर 1980 मध्ये राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून आल्या. मतदानाने राष्ट्राध्यक्ष झालेल्या जगातल्या त्या पहिल्या बाई, पण इथल्यांना त्या नुसत्या 'विग्दिस'. मला अजून हे जमत नाही. तोंडातून नाव निघायच्या आधी जीभ 'बाई', 'सर' शोधत राहते.

नावांचे अर्थ विचारायची मला खोडच लागली आहे. ब्यॉर्न म्हणजे अस्वल, उल्फुर म्हणजे लांडगा. या बेटावर लांडगा नाही, आणि अस्वल म्हणाल तर बर्फावरून वाहत आलेलं एखादं चुकार पांढरं अस्वल, तेवढंच. नवव्या शतकात नॉर्वेकडून येऊन इथे वस्ती करणाऱ्यांनी प्राणी मागे ठेवले, नावं बरोबर आणली. मुलींची हेक्ला आणि कात्ला ही नावं मात्र अस्सल इथली, दोन्ही ज्वालामुखी. शेजारची धाकटी यातलीच एक आहे आणि जिना उतरताना नाव सार्थ करते.

शाळेत संस्कृतच्या तासाला 'देव' चालवला होता ना, तशी इथे माणसांची नावं चालतात. भेटला तो ब्यॉर्न, पण निरोप आला 'बिर्नी'कडून, आणि जायचं 'ब्यार्नार'कडे. त्यामुळे नाव भाषेत बसतंय की नाही हे बघायला 1991 पासून तीन जणांची एक नामसमितीच आहे! मान्य यादीत नसलेलं नाव ठेवायचं तर तिच्याकडे अर्ज करायचा. षष्ठीचा प्रत्यय लागतो का, पुढे मुलाला त्या नावाचा त्रास होईल का, हे ती बघते. एका आईने मुलीचं नाव 'ब्लाइर' ठेवलं, म्हणजे वाऱ्याची झुळूक. शब्द पुल्लिंगी, म्हणून नाव नामंजूर. ती मुलगी पंधरा वर्षांची होईपर्यंत सरकारी कागदांवर तिचं नाव होतं 'स्तूल्का', म्हणजे नुसतंच 'मुलगी'. 2013 मध्ये कोर्टाने तिच्या बाजूने निकाल दिला. पुढे 2019 च्या कायद्याने नावाला असलेली स्त्री-पुरुष ही अटच काढून टाकली.

माझ्या 'एवढाच काय तो फरक'ची हवा काढली शेजारच्या आठ वर्षांच्या मुलाने. चुकून त्यांच्याकडे गेलेलं माझं पाकीट तो घेऊन आला. त्यावर पासपोर्टवरचं पूर्ण नाव होतं. मधल्या नावावर बोट ठेवून म्हणाला, "हा तुझा बाबा?"

"नाही, नवरा."

"मग बाबा कुठे गेला?"

इथली बाई लग्न करो न करो, जन्मली योन्सदोत्तिर तर मरेपर्यंत योन्सदोत्तिर. हे मला माहीत होतं, पण स्वतःच्या नावाला लावून कधी बघितलं नव्हतं. लग्नानंतर नवीन सही बसावी म्हणून वहीची दोन पानं भरली होती मी, तीही हौसेने. आता या पोराला काय सांगणार? "आमच्याकडे लग्नानंतर बदलतात," म्हटलं. त्याला ते पटलं नाही. बाबाचं नाव काय, अर्थ काय, सगळं विचारून घेतलं. वसंत, म्हणजे एक ऋतू. मग आत जाऊन स्केचपेनने कागदाच्या पट्टीवर लिहून आणलं, 'वसंत्सदोत्तिर', आणि आमच्या पाटीखाली तिरकं चिकटवलं.

बाबांना फोटो पाठवला. दोन मिनिटांत फोन. "अगं, छान आहे, पण आपलं आडनाव कुठे गेलं?"

मी समजावून सांगत होते, तेवढ्यात मागून आईचा आवाज आला, "माझं काय होईल गं?"