अंजनेरीच्या कातळातला लाल पट्टा

आज नाशिकजवळचा अंजनेरी डोंगर चढताना निम्मा वेळ कातळाकडे बघण्यातच गेला, बरोबरचे पुढे निघून गेले तरी मला काही हलवेना. काळ्या दगडाच्या दोन थरांच्या मधे वीतभर जाडीचा विटकरी लाल पट्टा होता, बोट लावलं की चक्क माती हाताला लागते!

म्हणजे बघा, साधारण 6.6 कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून लाव्हा आला, पसरला, थंड झाला, मग बराच काळ काहीच नाही, ऊनपावसाने वरचा दगड झिजून त्याची माती झाली आणि मग त्या मातीवर पुढचा लाव्हा येऊन बसला. असे एकावर एक थर साचत इथला सगळा सह्याद्री उभा राहिलाय, ब्रह्मगिरी काय नि आपली पांडवलेणी काय, सगळं याच बेसाल्टमधलं, म्हणजे लाव्हा थंड होऊन झालेल्या काळ्या दगडातलं. दोन थरांच्या मधला तो शांत काळ या लाल मातीत दिसतो, मला तर लाव्ह्यापेक्षा तोच जास्त भारी वाटतो.

थोडं वर दगडात पांढरे ठिपके होते. लाव्ह्यातल्या वायूचे बुडबुडे तसेच राहिले, नंतर खनिजं विरघळलेलं पाणी त्यात झिरपत गेलं आणि झिओलाइट नावाच्या खनिजांचे स्फटिक तयार झाले. सिन्नरच्या गारगोटी म्युझियममध्ये याचेच मोठमोठे नमुने आहेत, स्टिलबाइट वगैरे, शिवाय झिओलाइटच्या सोबतीने सापडणारं अपोफिलाइटही, मुलांना नक्की दाखवा.

एक कळकळीची विनंती, ते स्फटिक कोरून काढू नका रे. आज एका ठिकाणी ताजे घाव दिसले, फार वाईट वाटलं.