इच्छापुरमला मुद्दाम उतरलो

भुवनेश्वरहून चेन्नईला विमानाने दोन-एक तास लागतात. मी गाडीने गेलो, शिवाय मध्ये इच्छापुरमला उतरलो. कारण 'अन्बे शिवम'. २००३ च्या पोंगलला आलेला, कमल हासनने लिहिलेला आणि सुंदर सी.ने दिग्दर्शित केलेला हा तमिळ चित्रपट तेव्हा थिएटरात आपटला होता. पुढे टीव्हीवर लागत लागत तो लोकांच्या मनात असा रुजला, की आज तमिळ माणसाजवळ नुसतं नाव काढा, तो संवादच म्हणायला लागतो.

भुवनेश्वरला धो धो पाऊस, विमान रद्द, आणि दोन अनोळखी माणसं अडकलेली. अन्बरसु (माधवन) जाहिरातपट बनवणारा, स्वतःचंच लग्न गाठायच्या घाईत. नल्लशिवम (कमल) अपघाताने चेहरा विद्रूप झालेला, जाड भिंगांचा, पक्का कम्युनिस्ट. खिशात कामगारांच्या भरपाईचा बत्तीस लाखांचा चेक. माधवन कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचा. त्यामुळे तो चिडचिड करायला लागला की मला उगाचच आपल्याकडचा वाटतो.

दक्षिणेकडे जाताना डावी खिडकी पकडा. बालुगावच्या पुढे चिलिका सरोवर रुळांच्या इतकं जवळ येतं, की डब्यातली झालमुडी खाताना माणूस हात तसाच ठेवून बाहेर बघत बसतो. होड्या, जाळ्यांचे बांबू, मध्येच एखादं बेट. रंभानंतर पाणी मागे पडतं. ब्रह्मपूर येतं, जातं. मग ओडिया पाट्या संपून तेलुगू सुरू होतात आणि आंध्रातलं इच्छापुरम लागतं.

चित्रपटात इथेच, गाडीची वाट बघताना, नल्ला आपली कहाणी सांगू लागतो. एव्हाना अन्बरसुची बॅग चोरीला गेलेली असते. उरलेलं क्रेडिट कार्ड कुणी घेत नाही, आणि ज्याच्यापासून पळायचं तोच दर वेळी मदतीला येतो. मी बाकावर बसून विचार करत होतो की आज हे कथानक उभंच राहिलं नसतं. चहाच्या टपरीवर क्यूआर कोड चिकटवलेला. फोन काढला की काम झालं. नल्लाला विचारतो कोण?

पण पेमेंट काही जाईना. वर्तुळ नुसतं फिरत राहिलं. माझ्याकडे पाचशेची नोट, चहावाल्याकडे सुटे नाहीत. शेजारच्या लुंगीवाल्या काकांनी न विचारता दहा रुपये पुढे सरकवले. परत करायला त्यांचा नंबर मागितला, तर त्यांनी साधा बटणांचा फोन दाखवला आणि हसले.

पुढच्या गाडीत ते समोरच बसले. पलासाला काजूच्या कारखान्यात कामाला. मोडक्या हिंदीत कोकणातल्या काजूची चौकशी झाली. आमचा चांगला की तुमचा, यावर अर्थातच एकमत झालं नाही. काकांनी 'अन्बे शिवम' पाहिला नव्हता. मी त्यांना गोष्ट सांगितली: सतत ओठांवर शिवाचं नाव असलेला कारखानदार मजुरांची पिळवणूक करतो, आणि देव न मानणारा नल्ला वाटेतल्या रेल्वे अपघातानंतर म्हणतो, अनोळखी मुलासाठी रडणारं मन हाच देव. तो मुलगा वाचत नाही. त्याला वाचवू पाहणारा अन्बरसु आतून हलून जातो. हा प्रसंग लिहिलाय थोडा भाषणासारखाच, पण माधवनने तो सावरलाय.

अपघात म्हटल्यावर काका लगेच बहानगाबद्दल बोलू लागले. २ जून २०२३. भुवनेश्वरच्या उत्तरेला, बालासोर जिल्ह्यात कोरोमंडल एक्सप्रेस मालगाडीवर आदळली. २९० हून जास्त माणसं गेली. चित्रपटातल्या दोघांना गाठायची असते ती हीच कोरोमंडल. त्या रात्री आसपासच्या गावांतली माणसं मोबाइलच्या उजेडात डब्यांतून जखमींना बाहेर काढत होती, आणि बालासोरच्या इस्पितळात रक्त द्यायला रांगा लागल्या होत्या. रक्त कुणासाठी, हे रांगेतल्या कुणालाच ठाऊक नव्हतं.

पलासाला काका उतरले. चहाचे दहा रुपये द्यायचे राहिलेच. विशाखापट्टणमला गाडीची दिशा बदलते, इंजिन दुसऱ्या टोकाला लागतं. तेवढ्या वेळात मी पाचशेची नोट मोडून घेतली.