शंट कुठे अडतो, आणि का

मोठ्या माणसाच्या डोक्यात आणि मणक्यात मिळून साधारण 150 मिली सीएसएफ, म्हणजे मेंदूतल्या पोकळ्यांत आणि मेंदूभोवती फिरणारं पाणी, असतं. दिवसभरात नवं तयार होतं ते मात्र 500 मिलीच्या आसपास. म्हणजे तासाला 20 मिली, चहाचे चार चमचे. डोक्यातला दाब वाढला म्हणून ही आवक थांबत नाही. वाट तुंबली तरी नळ चालूच राहतो आणि पाणी डोक्यात साठत जातं, यालाच हायड्रोसेफॅलस म्हणतात. हे साठलेलं पाणी पोटात उतरवणारी, शरीरात बसवलेली नळी म्हणजे शंट. सकाळी नुसतं डोकं दुखतंय म्हणणारं मूल रात्री हलवूनही उठत नाही, ते का, हे या हिशेबावरून कळतं. पाणी कमी पाजलं की डोक्यातलं पाणी उतरेल, ही समजूतही इथेच सोडून द्यावी.

अडथळा कुठे आहे त्यावर उपाय ठरतो. व्हेंट्रिकल म्हणजे मेंदूतल्या पाण्याच्या पोकळ्या. तिसऱ्या आणि चौथ्या व्हेंट्रिकलला जोडणारी वाट जेमतेम दीड-दोन मिलिमीटरची असते. ती जन्मतःच अरुंद असेल किंवा गाठीने दाबली असेल, तर दुर्बिणीतून तिसऱ्या व्हेंट्रिकलच्या तळाला भोक पाडून पाण्याला दुसरी वाट देता येते. या शस्त्रक्रियेला ईटीव्ही म्हणतात. तिच्यात नळी मागे राहत नाही, म्हणून आपल्या रुग्णाला ती चालेल का, हा प्रश्न शंटच्या आधी विचारायलाच हवा. पण मेनिंजायटिस (मेंदूच्या आवरणाचं इन्फेक्शन) किंवा रक्तस्राव होऊन गेल्यावर पाणी शोषलं जाण्याची जागाच खराब होते आणि तिथे ईटीव्हीचं यश कमी. सहा महिन्यांच्या आतल्या बाळांतही कमीच. मग शंट. वयस्कर माणसांत पाणी साठलं की चाल अडखळते, लघवी आवरत नाही, विसरायला होतं. तिथे आधी कमरेतून 30 ते 50 मिली पाणी काढून चाल सुधारते का ते बघतात आणि मग ठरवतात.

शंटचे भाग तीनच. व्हेंट्रिकलमध्ये जाणारी नळी, व्हॉल्व्ह आणि पोटात उतरणारी लांब नळी. नळ्या सिलिकॉनच्या, आतलं भोक एक मिलिमीटरहून थोडं मोठं. व्हॉल्व्हचं काम दोन प्रकारचं: पाणी एकाच दिशेने जाऊ द्यायचं आणि ठरावीक दाबालाच उघडायचं. 1956 साली जॉन होल्टर नावाच्या तंत्रज्ञाने स्वतःच्या बाळासाठी बारीक चिरेतून उघडणारा सिलिकॉनचा व्हॉल्व्ह घडवला आणि पुढे हजारो मुलांना तसे बसले. आताचे काही व्हॉल्व्ह एकाच दाबाला बांधलेले असतात, काहींचा दाब बाहेरून चुंबकाने बदलता येतो. एका प्रचलित प्रकारात तो 30 पासून 200 मिमी पाण्याच्या दाबापर्यंत 10-10 च्या टप्प्याने बदलतो. बदलता येणारा व्हॉल्व्ह प्रत्येकाला लागतोच असं नाही.

शस्त्रक्रिया पूर्ण भूल देऊन होते. खांद्याखाली गुंडाळी ठेवून डोकं विरुद्ध बाजूला वळवतात, म्हणजे कानामागून मान, छाती आणि पोट एका सरळ रेषेत येतात. हे नीट केलं नाही तर नळी त्वचेखालून ओढणारी सळई गळपट्टीच्या हाडाशी अडते आणि जोर लावला तर छातीत घुसू शकते. मोठ्या माणसात पुढून जायचं तर नाकाच्या मुळापासून 11 सेंमी मागे आणि मध्यरेषेपासून 3 सेंमी बाजूला भोक पाडतात. नळी हाडापासून साधारण 5 ते 6 सेंमी आत गेली की टोक व्हेंट्रिकलच्या पुढच्या शिंगात येतं. पाणी ठिबकायला लागलं की थोडं तपासणीला पाठवतात. व्हॉल्व्ह आधी सलाईनने भरून त्यातली हवा काढलेली असते. त्यावरचा बाण पोटाकडे आहे ना, हे बघितलंच पाहिजे. उलटा बसवलेला व्हॉल्व्ह बाहेरून अगदी नीटनेटका दिसतो. पोटातलं टोक आत सोडण्यापूर्वी त्यातून थेंब पडताना दिसला पाहिजे. थेंब नाही तर टाके नाहीत. लहान मुलाच्या पोटात 20 ते 30 सेंमी नळी जास्तीची सोडतात, कारण मूल वाढणार आहे आणि नळी वाढणार नाही.

या सगळ्यात सर्वांत जास्त काळजी कसली, तर हात लावण्याची. शंटचं इन्फेक्शन बहुतेक वेळा रुग्णाच्या स्वतःच्या त्वचेवरच्या जंतूंनी होतं. एरवी निरुपद्रवी असलेला स्टॅफिलोकॉकस एपिडर्मिडिस सिलिकॉनवर चिकट थर करून बसतो आणि त्या थरात औषध नीट पोचत नाही. म्हणून चिरा देण्याआधी तासाभरात अँटिबायोटिक शिरेतून द्यायचं, एकावर एक हातमोज्यांचे दोन जोड घालून शंट हाताळण्यापूर्वी वरचे बदलायचे, शंटचं पाकीट गरज पडेल तेव्हाच फोडायचं आणि खोलीत माणसांची ये-जा बंद ठेवायची. औषध भिनवलेल्या नळ्यांचा उपयोग आहे का, यावर ब्रिटन आणि आयर्लंडमध्ये 1,600 हून अधिक रुग्णांवर चाचणी झाली. 2019 मध्ये आलेल्या निकालात साध्या नळ्यांत इन्फेक्शन सुमारे 6 टक्के, औषधाच्या नळ्यांत सुमारे 2 टक्के होतं, आणि चांदीच्या नळ्यांचा फायदा दिसला नाही. इतका स्पष्ट निकाल शस्त्रक्रियेच्या साहित्याबाबत क्वचित मिळतो. इन्फेक्शन झालंच तर नुसत्या अँटिबायोटिकवर वेळ काढू नये. बहुतेकदा अख्खा शंट काढून पाणी तात्पुरतं बाहेर पिशवीत घ्यावं लागतं आणि पाण्याचं कल्चर (त्यात जंतू वाढतात का, ही तपासणी) निर्जंतुक आल्यावरच नवा बसवता येतो.

आता अडण्याबद्दल. लहान मुलांत बसवलेल्या शंटपैकी ढोबळमानाने निम्मे दोन वर्षांत बिघडतात. ही डॉक्टरची चूक असेलच असं नाही. सर्वांत जास्त अडतं ते डोक्यातलं टोक: नळीच्या भोकांत कोरॉइड प्लेक्सस, म्हणजे पाणी तयार करणारी झालरच, वाढून शिरते. टोक पुढच्या शिंगात हवं ते याचसाठी, तिथे झालर नसते. पाण्यात रक्त किंवा प्रथिनं जास्त असतील तर व्हॉल्व्ह चिकटतो. म्हणून रक्तस्राव झालेल्या दीड किलोच्या बाळाला घाईने शंट न घालता त्वचेखाली रिझर्व्हायर (पाणी जमण्याची छोटी डबी) ठेवून सुईने पाणी काढत काही आठवडे थांबतात. खालच्या बाजूला नळी सुटते, मानेत तुटते (जुनी सिलिकॉन नळी चुन्याने कडक झालेली असते), मूल उंच झाल्यावर पोटातून वर ओढली जाते, किंवा टोकाभोवती पाण्याची पिशवी तयार होते. पोटात पिशवी सापडली की इन्फेक्शन शोधायचं. तीव्र बद्धकोष्ठतेने पोटातला दाब वाढूनही शंट मंदावतो. हे ऐकायला साधं वाटतं, पण तपासायचं राहून जातं.

उलटा बिघाड म्हणजे पाणी जास्त वाहणं. समजा, व्हॉल्व्ह उघडतो 100 मिमीला, म्हणजे 10 सेंमी पाण्याच्या दाबाला. उभ्या माणसाच्या डोक्यापासून पोटापर्यंत मात्र नळीत 50 सेंमीहून उंच पाण्याचा स्तंभ लटकत असतो. तो ओढून घेतो. त्यामुळे उभं राहिल्यावर डोकं दुखतं आणि आडवं झालं की थांबतं. मेंदू आकसला की वरच्या शिरा ताणून फुटतात आणि कवटीखाली रक्त साठतं. व्हॉल्व्हच्या खाली बसवलेलं अँटिसायफन नावाचं साधन याच ओढीला आवर घालतं. दिवसभर आडव्या असणाऱ्या तान्ह्या बाळात हा त्रास दिसत नाही, मूल चालायला लागल्यावर दिसतो.

शंट अडल्याची लक्षणं वयानुसार बदलतात. बाळाची टाळू फुगते आणि ताणते, डोक्याचा घेर तक्त्यातली रेषा ओलांडतो, डोळे खाली ओढल्यासारखे दिसतात. मोठ्या मुलाला सकाळी डोकेदुखी, उलटी, पेंग, तिरळेपणा. उलटी झाली आणि जुलाब नाहीत, तर पोट बिघडलं असं म्हणून घरी थांबू नका. व्हॉल्व्ह बोटाने दाबून तो चालू आहे की नाही हे ठरवणं बेभरवशाचं आहे; दाबला गेला, फुगला, तरी शंट अडलेला असू शकतो, आणि उगाच दाबत राहिल्याने झालर आणखी आत ओढली जाते. स्कॅनमध्ये व्हेंट्रिकल लहान दिसले म्हणूनही निर्धास्त होऊ नये. वर्षानुवर्षे शंट असलेल्या काहींच्या व्हेंट्रिकलच्या भिंती कडक होतात आणि दाब चढला तरी फुगत नाहीत. नवा स्कॅन वाचायचा तो बरं असतानाच्या स्कॅनशेजारी ठेवूनच, त्यामुळे तो जुना स्कॅन, व्हॉल्व्हचं नाव आणि सेटिंग, तिन्ही फोनमध्ये ठेवा. चुंबकाने बदलणारा व्हॉल्व्ह असेल तर हेडफोन किंवा टॅबलेटचं चुंबकी कव्हर डोक्याच्या त्या बाजूला टेकवू नका, आणि एमआरआय झाल्यावर त्याच दिवशी सेटिंग तपासून घ्या.