तुम्ही विचारलंत म्हणून: सावळ्या मुलीला काम मिळेल का?

नाशिकमध्ये मी अभिनयाची शिबिरं घेते. नाव नोंदवायला आलेली आई फी, वेळ सगळं विचारून झालं की हळूच म्हणते, "ताई, हिचा रंग जरा डावा आहे. मालिकेत घेतील ना?" मुलगी शेजारीच उभी असते.

घेतील. पण कशासाठी, ते ऐका. कास्टिंगच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर नायिकेसाठी "फेअर, स्लिम, होमली" असं येतं. सावळीला मैत्रीण, मोलकरीण, फार तर गावाकडची बहीण. आणि नायिकाच सावळी हवी असली, तर गोऱ्या मुलीला गडद मेकअप थापतात! माझं डोकं फिरतं ते इथे. गोरेपणाच्या क्रीमनेसुद्धा २०२० मध्ये नावातलं 'फेअर' काढलं. आमचे ग्रुप अजून तिथेच.

त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांना १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र'मधल्या तारामतीसाठी बाई मिळेना, म्हणून अण्णा साळुंके साडी नेसून उभे राहिले. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई या मायलेकी पडद्यावर आल्या. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये तर फाळक्यांनी स्वतःच्या मुलीला, मंदाकिनीला, थेट कृष्ण केलं. आता मुली रांग लावून उभ्या आहेत आणि त्यांच्यासाठी लिहिलेलं काय, तर सासूचं ऐकून घेणं.

माझ्याकडे आदिवासी भागातली, सुरगाण्याकडची एक मुलगी होती, पोलीस भरतीची तयारी करणारी. प्रसंग दिला: निकालात नाव नाही, आता रड. ती म्हणाली, "रडू कशाला? किती मार्कांनी गेलं ते आधी बघेन ना." आणि तसंच केलं तिने. मोबाइलवर यादी वरखाली करत राहिली, ओठ घट्ट मिटून. सगळा वर्ग गप्प. आमच्याच जिल्ह्यातल्या सावरपाड्याच्या आदिवासी धावपटू कविता राऊतने २०१० च्या राष्ट्रकुल स्पर्धेत दहा हजार मीटरमध्ये कांस्यपदक आणलं, तरी मालिकेतली आदिवासी पोर अजून डोक्यावर हंडा घेऊनच येते. लिहिणाऱ्यांच्या खोलीत अशा घरातली एखादी मुलगी बसल्याशिवाय हे हलणार नाही, असं माझं मत. म्हणून मी शिबिरात प्रसंग लिहायलाही लावते.

तेव्हा पाठवा मुलीला. पोर्टफोलिओवर इतक्यात पैसे घालू नका. खिडकीपाशी उभं करून मोबाइलवर एक मिनिटाचा व्हिडिओ काढा, फिल्टर न लावता. आणि रंगाचं तिच्यासमोर बोलू नका.