पाणी यायच्या आधी

थायोटिमोलिन नावाच्या भुकटीचा गुण एकच. पाणी पडल्यावर ती विरघळत नाही. पाणी पडायच्या १.१२ सेकंद आधीच विरघळून मोकळी होते. अशी भुकटी अर्थातच जगात नाही. विज्ञानकथालेखक आयझॅक असिमॉव्ह यांनी ती १९४७ साली कागदावर तयार केली. तेव्हा ते कोलंबिया विद्यापीठात रसायनशास्त्राची पीएचडी करत होते. कॅटेकोल नावाचं रसायन पाण्याला टेकतं न टेकतं तोच नाहीसं होतं हे बघून त्यांच्या मनात आलं, अजून जरा घाई केली तर हे आधीच विरघळेल. मग प्रबंधाच्या रंगीत तालमीसाठी त्यांनी तक्ते, आलेख आणि खोटे संदर्भ जोडून एक गंभीर चेहऱ्याचा शोधनिबंध रचला. मासिकात छापताना टोपणनाव घाला असं संपादकाला सांगितलं होतं, ते राहून गेलं. तोंडी परीक्षेच्या शेवटी एका परीक्षकानं विचारलंच, थायोटिमोलिनबद्दल काही सांगता का? असिमॉव्हना हसू आवरेना. परीक्षक थट्टा करतायत म्हणजे आपण पास! निकालाआधीच निकाल कळला.

या थापेला त्यांनी पुढे शास्त्रही पुरवलं. कार्बनच्या अणूला चार बंध असतात. या भुकटीतल्या एका कार्बनचे दोन बंध आपल्यासारखे वर्तमानात, एक भूतकाळात आणि एक भविष्यात. शिवाय ती माणूस ओळखते. पाणी ओतणाऱ्याचा निश्चय डळमळीत असेल, तर तीही मनापासून विरघळत नाही. मला हे कलम सगळ्यात आवडतं.

आमच्या सांगलीत जुलै-ऑगस्टात हा विनोद विनोद वाटत नाही. कोयनेतून सोडलेलं पाणी कराडला कृष्णेत मिसळून इथवर यायला वेळ लागतो. बातमी मात्र लगेच येते. ‘आयर्विनला किती?’ हा प्रश्न मग नमस्काराची जागा घेतो. १९२९ सालच्या या पुलापाशी ४० फूट म्हणजे इशारा, ४५ म्हणजे धोका. पण ज्यांनी एकदा भोगलंय ते सूर्यवंशी प्लॉटातले लोक आकड्यासाठी थांबत नाहीत. नदी पात्रातच असते आणि इकडे गाद्या, टीव्ही, धान्याचे डबे जिन्यानं वर निघालेले असतात. फरशीवर थेंब नाही, पण घर पूर येऊन गेल्यासारखं. असिमॉव्हचा एक सेकंद, आमचे चांगले काही तास.

त्यात अलमट्टी. नदीच्या वाटेवर हे धरण सांगलीच्या पुढे, कर्नाटकात. त्यामुळे पुराचं कारण वरच्या अंगाला की खालच्या, यावरून चहाच्या गाड्यावर दोन तट पडतात. एकाचं बोट कोयनेकडे, दुसऱ्याचं अलमट्टीमागे साचणाऱ्या पाण्याच्या फुगवट्याकडे. समितीचा अहवाल आला तरी वाद काही हटत नाही. मी त्यात पडत नाही, दोन्हीकडे मित्र आहेत. सांगलीचाही एक बंध मागे आणि एक पुढे असावा, एवढंच म्हणतो आणि चहाचे पैसे देतो.

१९६० मध्ये असिमॉव्हनी थापेवर आणखी एक मजला चढवला. भुकटी विरघळू द्यायची आणि मग पाणी ओतायचंच नाही, असा डाव टाकला तर? तर निसर्गच पाणी आणून घालतो. वादळ येतं, पूर येतो, पण भुकटी खोटी पडत नाही. हे वाचून मी जरा धास्तावलो, कारण या हिशेबानं सामान वर नेलं की पाणी यायलाच हवं.

शेजारच्या काकूंचा सिद्धांत याच्या बरोबर उलटा. “सगळं वर ने, मग येत नाही बघ. आळस केलास की आलंच.” छत्री घेतली की पाऊस दडी मारतो, त्यातलाच हा प्रकार. मी म्हटलं, “काकू, २०१९ ला पाणी ५७ फुटांच्या वर गेलं, त्याचं काय?” त्या अजिबात अडखळल्या नाहीत. “तेव्हा निम्मंच नेलं होतं की. २००५ च्या खुणेच्या वर कशाला येतंय म्हणून.” म्हणजे इथंही निश्चय डळमळीतच.

मग मी त्यांना थायोटिमोलिनची गोष्ट सांगितली. अमेरिका, पीएचडी, परीक्षक, सगळं. त्यांनी लसूण सोलता सोलता ऐकून घेतलं.

“पाणी यायच्या आधीच विरघळली व्हय?” त्या म्हणाल्या. “मग माळ्यावर ठेवायची की.”